उजळाई समोर येत नाही

आठवीच्या पेपरात वाक्प्रचारांचा एक प्रश्न असतो. अर्थ सांगा आणि वाक्यात उपयोग करा. पेपर मीच काढतो, त्यामुळे काय घालायचं आणि काय गाळायचं हे माझ्या हातात असतं. गेली चार वर्षं मी ‘डोळ्यांपुढे काजवे चमकणे’ घातलेला नाही. शाळेत हे कुणाच्या लक्षात आलेलं नाही, येण्याचं कारणही नाही. मध्यंतरी एका मुलीनं निबंधात तो आपणहून वापरला, तेव्हा तिची वही अर्धवट तपासलेली तशीच ठेवून मी व्हरांड्यात जाऊन उभा राहिलो. शिपायानं विचारलं, बरं वाटत नाही का. मी म्हटलं, पित्त झालंय.

मी मराठीचा मास्तर. शब्दांच्या बाबतीत माझा खाक्या कडक, वर्गात तसाच घरी. घासून गुळगुळीत झालेलं काही मला चालत नसे. कुणी ‘मुसळधार पाऊस’ लिहिलं की मी विचारायचो, मुसळ बघितलंयस का रे कधी? नाही ना? मग जे बघितलंयस ते लिही. पोरं हसायची आणि मलाही मग चेव यायचा. माझ्या मुलीला हा धडा बोलायला लागल्यापासून मिळाला. जे बघितलंयस तेच बोल, हे माझं घरातलं पालुपद होतं आणि ते तिनं अगदी मनापासून पाळलं. आज मला वाटतं, पोरीनं माझं थोडं कमी ऐकलं असतं तर बरं झालं असतं.

आमचं घर रत्नागिरीच्या वरच्या अंगाला, सड्याला लागून. घरामागून दगडी पायऱ्यांची पाखाडी चढून गेलं की जांभ्याचं उघडं पठार लागतं, तिथून समुद्र दिसतो आणि संध्याकाळी मिरकरवाड्याच्या बोटींचे दिवे. मुलगी सहा वर्षांची असताना मोठं वादळ झालं. आमच्या आळीतले विजेचे खांब आडवे झाले आणि आठवडाभर वीज नव्हती. पहिल्याच संध्याकाळी तिनं जो आकांत मांडला तो मी अजून विसरलेलो नाही. मेणबत्तीच्या पलीकडे ती एक पाऊल टाकायला तयार नव्हती. खळ्यात, म्हणजे आमच्या पुढच्या अंगणात, मी तिला कडेवर घेऊन गेलो आणि म्हटलं, वर बघ, किती चांदण्या आहेत. वीज नसल्यामुळे आभाळ नुसतं खच्चून भरलं होतं. तिनं वर बघितलं आणि म्हणाली, काही नाहीये.

मी समजलो, भीतीनं डोळेच उघडत नाहीये. मग मास्तराच्या डोक्यात जे यायचं ते आलं. मी म्हटलं, बरोबर आहे, हे आपलं आभाळच नाही. वादळानं आपलं घर उचलून पल्याडच्या वाडीत नेऊन ठेवलंय. तिथं रात्री आभाळात चंद्र नसतो, चांदण्या नसतात, सगळं कोरं असतं. मग त्या कोऱ्या आभाळाच्या कडेकडेनं उजळाई येते.

हे नाव मला त्या क्षणी सुचलं. आमच्याकडे गावोगावच्या देवी असतात, कुणी काळकाई, कुणी सोमजाई, त्यांच्याच पंगतीत ही बसेल असं वाटलं. उजळाई पदराआड दिवा धरून आभाळाच्या काठानं चालते. ती चालते तिथं आधी निळं होतं, मग पिवळं, मग ते थरथरतं आणि विझतं. पल्याडच्या वाडीतली माणसं जेवणं उरकून खळ्यात बसतात आणि तिची वाट बघतात. शेतात जायचं, वाट शोधायची, सगळं तिच्या उजेडात. आणि वर मी एक अट घातली, कारण मला तिचं रडणं थांबवायचं होतं. जो काळोखाला घाबरत नाही त्यालाच उजळाई दिसते.

ती खरंच गप्प झाली. माझ्या खांद्यावर मान टाकून बराच वेळ वर बघत राहिली. मग हळूच म्हणाली, “दिसली.”

मला काय आनंद झाला ते सांगता येत नाही. मुलीची भीती गेली म्हणून झाला, आणि आपली गोष्ट लागू पडली म्हणून त्याहून जास्त झाला, हे आता कबूल करतो.

वीज आली तरी उजळाई राहिली. रोज दिवेलागणीनंतर आम्ही खळ्यात बसायचो आणि ती मला सांगायची, आज आली, आज नाही आली, आज दोनदा आली. वर्षभरात गोष्ट माझी राहिलीच नाही. ती अशी काही भर घालायची की मी चकित व्हायचो. म्हणाली, बाबा, उजळाई समोर कधीच येत नाही. तिच्याकडे बघायला गेलं की ती सरकते. आपण मान फिरवली की तीपण फिरते. एकदा म्हणाली, डोळे मिटले तरी ती दिसते. सात वर्षांची पोर. मी ते वहीत टिपून ठेवलं. शिक्षकांच्या खोलीत वाचून दाखवलं. बायकोला म्हटलं, बघ, हिला म्हणतात प्रतिभा. बायको भाजी निवडत होती, ती म्हणाली, ते असू दे, पण तिन्हीसांजेला ही तांब्या रोज सांडते, तिला जरा बोला.

मी बोललो. लक्ष कुठे असतं तुझं, असं बोललो. ताटातली कोशिंबीर सोडून तिचा हात ताटाबाहेर चाचपडायचा, तेव्हा बोललो. दाराच्या उंबऱ्याला ठेच लागून पडायची, तेव्हाही बोललो. सकाळी हीच पोर सुईत दोरा ओवायची, मग संध्याकाळीच हिला काय धाड भरते? माझं उत्तर तयार होतं. संध्याकाळ झाली की ती पल्याडच्या वाडीत जाते. मला रागही यायचा आणि आतून अभिमानही वाटायचा. एकदा पाखाडीवरून येताना दुधाची किटली घेऊन पडली तेव्हा मी तिच्या पाठीत धपाटा घातला. ती रडली नाही. म्हणाली, पायरी नव्हती तिथे. मी म्हटलं, पायरी चालत गेली का?

त्या दिवाळीत इथल्या एका लहानशा दिवाळी अंकानं माझ्याकडे मुलांसाठी गोष्ट मागितली. मी ‘उजळाई’ लिहून दिली. सरकते, मान फिरवली की फिरते, डोळे मिटले तरी दिसते, हे सगळं त्यात आलं. खाली माझं नाव. लोकांनी वाटेत थांबवून सांगितलं की गुरुजी, ते डोळे मिटले तरी दिसण्याचं काय सुंदर लिहिलंत हो.

मिरकरवाड्याहून एक मावशी आमच्याकडे मासळी घेऊन येते. फिरत फिरत आमच्या दारी पोचेपर्यंत तिला संध्याकाळ होते. मुलगी आठ वर्षांची असताना एकदा ती धावत खळ्यात आली आणि सरळ तिच्या मासळीच्या पाटीत पाय घालून पडली. मावशीनं तिला उठवलं, पाय पुसला, तिच्या तोंडापुढून आपला हात इकडून तिकडे नेला आणि मला म्हणाली, “मास्तर, पोरीला सांजचा दिसत नाय. माझ्या आज्याला असाच होता. बोट बंदराला लागली की तेचा हात धरून उतरवायला लागायचा.”

मला ते फार लागलं. माझ्या हुशार मुलीला ही बाई आंधळी ठरवते आहे, तेही आमच्याच खळ्यात उभं राहून. मी म्हटलं, “तुम्ही सुरमई ताजी आहे का तेवढं सांगा.” तिनं पाटी डोक्यावर घेतली आणि गेली. नंतरही ती येत राहिली, अजून येते, पण तेव्हा सांगितलं होतं असं तिनं मला एकदाही ऐकवलेलं नाही. ऐकवलं असतं तर निदान मला उलटं रागावता आलं असतं.

त्याच वर्षी मे महिन्याच्या शेवटी सड्याच्या उतारावरचं एक झाड काजव्यांनी भरलं. आळीतले सगळे बघायला गेले. मी मुलीला हाताला धरून नेलं. अख्खं झाड एकदम पेटत होतं आणि एकदम विझत होतं, लोक बोलायचेसुद्धा थांबले होते. मुलगी म्हणाली, कुठे? मी म्हटलं, हे काय समोर. ती म्हणाली, कुठे समोर? मी तिची मान दोन्ही हातांनी धरून झाडाकडे वळवली. ती म्हणाली, समोर काही नाहीये, बाजूला उजळाई आहे. शेजारचे हसले आणि मीही त्यांच्याबरोबर हसलो.

पण बायको हसली नाही. घरी आल्यावर ती म्हणाली, उद्या हिला डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्यायचं, तुम्ही नाही आलात तर मी नेते.

गेलो. डॉक्टर भला माणूस होता. त्यानं अक्षरांचा तक्ता वाचायला लावला, तिनं शेवटच्या ओळीपर्यंत धडाधड वाचला. मी बायकोकडे बघितलं, बघ म्हणून. त्यानं विचारलं, अंधारात अडखळते का? उत्तर मीच दिलं, अंधाराला जरा घाबरते, बाकी काही नाही. मग त्यानं तिलाच विचारलं, “बाळ, डोळ्यांपुढे काजवे चमकतात का?”

मला तो क्षण आठवतो, कारण तिनं माझ्याकडे बघितलं. मग म्हणाली, “नाही. मी काजवे बघितलेच नाहीत.”

मला हसू आलं. माझीच शिकवण. जे बघितलं नाही ते बोलायचं नाही. डॉक्टरला मी कौतुकानं सांगितलंसुद्धा की आमच्याकडे शिळे शब्द चालत नाहीत. तोही हसला. मग म्हणाला, बाहुल्या मोठ्या करायचे थेंब घालून आतला पडदा बघू, दीडदोन तास जातील. माझ्याकडे त्या दिवशी पेपर तपासायचे पडले होते. मी म्हटलं, पुढच्या खेपेला बघू. ती पुढची खेप दोन वर्षांनी आली.

ती दहा वर्षांची असताना एका संध्याकाळी पाखाडीच्या कडेवरून सरळ खाली गेली. खाली शेजाऱ्यांची विहीर होती, तिच्या कठड्यावर आपटली म्हणून वाचली. हात मोडला, कपाळाला टाके पडले. टाके घालणाऱ्यानं विचारलं, एवढी मोठी कड हिला दिसली कशी नाही? इथल्या डॉक्टरनं थेंब घातले, आत बघितलं, बराच वेळ बघितलं आणि मुंबईची चिठ्ठी दिली.

मुंबईच्या डॉक्टर बाई होत्या. त्यांनी तिला एका यंत्रात तोंड घालून बसवलं, ठिपका दिसला की बटण दाबायचं. बराच वेळ बटण वाजलंच नाही. मी मनात म्हणत होतो, दाब ग, दाब. कागद बाहेर आला तो मधे थोडासा पांढरा आणि बाकी सगळा काळा. बाईंनी तो बाजूला ठेवला आणि तिला जवळ घेऊन विचारलं, “तुला काळोखात काहीच दिसत नाही का ग?”

“दिसते. उजळाई दिसते.”

“ती कशी असते?”

मुलीनं सांगितलं. कडेकडेनं चालते, निळी पिवळी होते, थरथरते, बघायला गेलं की सरकते, डोळे मिटले तरी दिसते. माझ्या गोष्टीतला शब्दन् शब्द. मी ओशाळून मधे बोललो. म्हटलं, मॅडम, ती आमच्या घरातली एक गोष्ट आहे, मुलीची कल्पनाशक्ती जरा जास्त आहे.

“सर, ही कल्पना नाही,” बाई म्हणाल्या. “हे लक्षण आहे.”

पुढचं त्यांनी नीट समजावून सांगितलं. पडद्याचा आजार, जन्मापासूनचा. आधी काळोखातलं जातं, मग कडेकडेचं, मग मधलं. पडद्याचा जो भाग मरत असतो तो मरताना असा खोटा उजेड दाखवतो. इथल्या डॉक्टरनं काजवे म्हणून विचारलं होतं ते हेच. औषध नाही. बायकोनं विचारलं, आधी आलो असतो तर? त्या म्हणाल्या, आजार थांबला नसता, फार फरक पडला नसता. या वाक्यावर बायको आजवर उभी आहे. मी राहू शकत नाही. आजार थांबला नसता हे मला कळतं. पण ठेच लागून पडलेल्या मुलीला मी जे बोललो, ते बोललो नसतो. धपाटा घातला नसता. आणि ती चार वर्षं ज्याला मी खळ्यात बसून दाद देत होतो ते काय होतं, हे मला माहीत असतं. माझी मुलगी माझ्या मांडीवर बसून आंधळी होत होती, आणि मी ते वहीत टिपून घेतलं, छापून आणलं.

परत येताना दिवसाची बस मिळाली. खेडला बस थांबली तेव्हा आम्ही कुणीच काही खाल्लं नाही. हातखंब्याला महामार्ग सोडून बस रत्नागिरीकडे वळली तेव्हा दिवे लागायची वेळ झाली होती. खिडकीशी बसलेली मुलगी बाहेर बघत होती. ती माझ्याकडे न बघता म्हणाली, “बाबा, तुम्हाला उजळाई दिसत नाही?”

मी म्हटलं, नाही.

“कधीच?”

“कधीच नाही.”

मग म्हणाली, “मला वाटायचं सगळ्यांनाच दिसते. तुम्हालाच तर आधी दिसली होती. तुम्ही सांगितलीत, म्हणून मला भीती नाही वाटली.”

बायकोनं तिचा हात हातात घेतला आणि मी बसच्या पुढच्या काचेतून रस्ता बघत बसलो. मला सगळा रस्ता दिसत होता.

आता ती चौदा वर्षांची आहे. समोर एक बांगडीएवढं दिसतं, त्यातून ती पुस्तक वाचते, एका वेळी दोन-तीन शब्द. काठी वापरायला शिकते आहे आणि त्यात माझ्याहून बायकोचा धीर मोठा आहे. मासळीवाली मावशी हल्ली पाटी खाली ठेवली की आधी तिच्या हातात मासा देते आणि ओळखायला सांगते. पापलेट, बांगडा, सौंदाळे, ती हातानं ओळखते. दोघी हसतात. मी घरात जातो.

आमच्या कपाटातल्या एका खणात तिची मुंबईची फाइल आहे आणि तिच्याखाली तो दिवाळी अंक. मी तो टाकून द्यायला दोनदा बाहेर काढला आणि दोनदा परत ठेवला. गोष्टी सांगणं मी बंद केलं आहे. शाळेत स्नेहसंमेलनासाठी नाटुकलं लिहायला सांगतात, मी तब्येतीचं कारण देतो. मला कशातच काही वाटेनासं झालंय, हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही, तिला ते दिसत असणारच.

उजळाईचं नाव त्या बसनंतर घरात निघालं नव्हतं. परवा मेच्या शेवटी संध्याकाळी मुलगी म्हणाली, सड्यावर जाऊ या. माझ्या कोपराला धरून ती पाखाडी चढली, प्रत्येक पायरी मोजत. वर बसलो. खाली बोटींचे दिवे लागले होते, उतारावरच्या त्या झाडात काजवे यायला लागले होते, आणि मी त्यातलं काहीच बोलून दाखवलं नाही. मग मीच विचारलं, काय ग, काय झालं.

“काही नाही,” ती म्हणाली. “डोळ्यांपुढे काजवे चमकतायत. आज जरा जास्तच आहेत.”

अगदी साधेपणानं म्हणाली, कुणीही म्हणतं तसं. मी तिच्याकडे बघितलं. माझा शब्द तिनं टाकून दिला होता आणि सगळ्या जगाचा, घासून गुळगुळीत झालेला उचलला होता. मला चीड यायला हवी होती. मला फक्त रडू आलं, आणि ते लपवायची गरज नव्हती, कारण काळोख झाला होता.

मग ती म्हणाली, “बाबा, खरे काजवे असेच दिसतात का हो?”

समोर झाड पेटत होतं आणि विझत होतं. तिला काय दिसत होतं ते मला दिसत नव्हतं, मला दिसत होतं ते तिला कधीच दिसणार नव्हतं. “हो,” मी म्हटलं. “असेच दिसतात.”